बारा जणांत एकटा 'नाही' म्हणणारा: शंका कुठे संपते आणि हट्ट कुठे सुरू होतो?

वेंगुर्ल्याचो

प्रश्न आधी विचारतो, हकीकत मागाहून सांगतो. एका माणसाने गुन्हा केला की नाही, हे बारा जणांनी मिळून ठरवायचंय. निकाल एकमतानेच लागायला हवा. अकरा जण दोषी म्हणतायत आणि तुमच्या मनात शंका आहे. ती कुठवर धरून ठेवावी? आणि ती खरंच शंका आहे, की एकदा बोलून बसलो म्हणून आता मागे हटवत नाही, हे आपलं आपल्याला कसं कळावं?

मी वेंगुर्ल्याचा. नोकरीपायी न्यू जर्सीत गेलो, तिथलाच नागरिक झालो आणि यथावकाश ज्यूरीचं बोलावणं आलं. सध्या आईपाशी गावी आलोय. इथे प्रत्येक जण विचारतो, म्हणून एकदाच सविस्तर लिहून टाकतो. निकालानंतर ज्यूरर तिथे खटल्याबद्दल बोलू शकतो, तरी कुणाची ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत.

खटला जबरी चोरीचा होता. पेट्रोल पंपाला लागून असलेलं छोटं दुकान, रात्री उशिराची वेळ, काउंटरवर आपल्याकडचाच एक साठीतला गृहस्थ. डोक्यावर टोपडं ओढलेला एक जण आत शिरला, पिस्तूल दाखवलं, गल्ला घेतला आणि गेला. सगळं मिनिटभरात आटोपलं. काही आठवड्यांनी पोलिसांनी या गृहस्थांना फोटो दाखवले आणि त्यांनी एकावर बोट ठेवलं. पुढे कोर्टातही त्याच्याकडेच बोट दाखवलं. पैसे सापडले नाहीत, पिस्तूल सापडलं नाही, बोटांचे ठसे नाहीत. कॅमेऱ्यात टोपडं आणि जाकीट दिसतं, चेहरा दिसत नाही. आरोपीकडे तसं जाकीट होतं, पण हिवाळ्यात तसली जाकिटं रस्त्यावर कितीतरी दिसतात.

साक्ष देताना त्या गृहस्थांनी बोट दाखवण्याआधी चष्मा काढला, शर्टाच्या टोकाला नीट पुसला, परत डोळ्यांवर चढवला आणि मग आरोपीकडे पाहिलं. मी समोरच बसलो होतो. त्या रात्री चष्मा डोळ्यांवर होता का, हे दोन्ही बाजूंच्या वकिलांपैकी कुणीच विचारलं नाही.

ऐकायला आम्ही चौदा जण होतो. शेवटी चिठ्ठ्या काढून दोघांना राखीव ठेवलं आणि बारा जणांना आतल्या खोलीत पाठवलं. मोबाईल बाहेर जमा. पहिल्या फेरीत नऊ दोषी, तीन निर्दोष. मग आम्ही साक्षीचं ध्वनिमुद्रण पुन्हा ऐकायला मागितलं. भर कोर्टात परत तो आवाज ऐकला. आपल्या वळणाचं इंग्रजी, माझ्या मामांचं असावं तसं. "तो चेहरा मी मरेपर्यंत विसरणार नाही," म्हणाले. ते खोटं बोलत नव्हते, याबद्दल मला तिळमात्र शंका नव्हती आणि आजही नाही. शंका होती ती त्यांना बरोबर आठवतंय का याबद्दल. ध्वनिमुद्रण ऐकून आलो आणि अकरा विरुद्ध एक झालं.

खोलीत एक निवृत्त शिक्षिका होत्या. अगदी शांतपणे मला म्हणाल्या, "तुमच्याच देशातल्या माणसावर तुमचा विश्वास नाही?" आरोपी कृष्णवर्णीय होता. त्या प्रश्नाने मला आतून हलवलं. माझ्या माणसाची बाजू घ्यावी असं मनात येत होतं, आणि तसं येतंय म्हणूनच मी मुद्दाम उलट्या बाजूला झुकतोय की काय, असंही वाटत होतं.

एकमत होत नसल्याचं आम्ही न्यायाधीशांना चिठ्ठीने कळवलं. त्यांनी बोलावून सांगितलं, की एकमेकांचं ऐका, स्वतःचं मत पुन्हा तपासा, पण केवळ निकाल लागावा म्हणून प्रामाणिक मत सोडू नका. दुसऱ्या दिवशीही तेच. अखेर ज्यूरी बरखास्त झाली, निकालाविनाच. बाहेर पडताना बाकावर ते गृहस्थ बसलेले होते. आमच्यातला कोण अडून बसला हे त्यांना ठाऊक असायचं कारण नव्हतं, पण त्यांनी माझ्याकडे पाहिलं ते आपला माणूस म्हणून.

आता सांगा.

---

खाजणातला

वाचतोय. चष्म्यापाशी थांबलो आणि परत वर जाऊन वाचलं.

---

गजालवाडी

आमच्या वाडीत बारा जाणांचा एकमत व्हया तर एकच उपाय. फोरमनान गाऱ्हाणा घालूचा, "बा देवा म्हाराजा, ह्या झिलान चोरी केली असा," आणि बाकीच्या अकरांनी "होय म्हाराजा!" 😀 नायतर जत्रेक दशावतार खंयचो आणूचो हेच्यार आमची बैठक पुढच्या जत्रेपर्यंत चलता.

पण दादानू, बरा लिवलास. "होय म्हाराजा" म्हणताना कोण इचार करीत नाय. तुमी केलास.

---

सुरंगी

मला पटलेलं नाही आणि मी ते स्पष्टच सांगणार आहे.

आम्ही चिपळूणचे. २२ जुलै २०२१ च्या पुरात भावाचं दुकान छतापर्यंत पाण्यात होतं. चिखल उपसून, कर्ज काढून त्याने ते परत उभं केलं. नंतर एका रात्री शटर तोडून माल गेला आणि भाऊ आडवा आला तर त्याला मारहाण झाली. आरोपी पकडले. खटल्यात दोन साक्षीदारांनी "अंधार होता, नक्की सांगता येत नाही" म्हटलं आणि संशयाचा फायदा मिळून सगळे सुटले. आज ते बाजारात भावाच्या दुकानासमोरून जातात. एकाने तर येऊन बॅटरी विकत घेतली.

"शंभर अपराधी सुटले तरी चालतील, पण एका निरपराध्याला शिक्षा होता कामा नये" हे वाक्य सगळ्यांना पाठ असतं. सुटलेल्या शंभरांच्या गावात राहावं कुणाला लागतं, हे कुणी विचारत नाही. वेंगुर्ल्याचो, तुमच्या शंकेचं ओझं तुम्ही वाहताय, मान्य. पण तिची किंमत त्या म्हाताऱ्या माणसाने मोजली. तो परत रात्री त्याच काउंटरवर उभा राहिला असेल.

---

वेंगुर्ल्याचो

सुरंगीताई, तुम्ही लिहिलंत ते मी स्वतःशी शंभरदा बोललोय, पण तुमच्याइतकं थेट नाही. भावाला माझा नमस्कार सांगा.

फक्त एक सांगतो. न्यायाधीशांनी आत पाठवण्याआधी आम्हाला बऱ्याच सूचना वाचून दाखवल्या. डोळ्यांसमोर हत्यार असेल तर नजर हत्यारावर खिळते. भीतीने आठवण पक्की होतेच असं नाही. वेगळ्या वंशाचा अनोळखी चेहरा ओळखताना माणसं जास्त चुकतात. आणि साक्षीदार ठामपणे बोलतो म्हणून तो बरोबरच असतो असं नाही. न्यू जर्सीच्या सर्वोच्च न्यायालयाने २०११ साली एका निकालात या विषयावरचं संशोधन तपासलं आणि त्यानंतर ज्यूरीला द्यायच्या सूचनाच बदलल्या. या खटल्यात त्यातली एकेक गोष्ट लागू होती. मी ती ऐकली होती. ऐकलंच नाही असं कसं वागणार?

---

शिरस्तेदार

नमस्कार. कोर्टात कारकून म्हणून लागलो आणि शिरस्तेदार म्हणून निवृत्त झालो. ज्यूरी मी पाहिलेली नाही, पण जुन्या लोकांकडून ऐकलंय आणि वाचलंय भरपूर.

हा विषय आपल्याला परका नाही. १९०८ साली टिळकांवर राजद्रोहाचा खटला चालला तो मुंबई हायकोर्टात, न्यायमूर्ती दावर यांच्यापुढे, नऊ जणांच्या ज्यूरीसमोर. निकाल सात विरुद्ध दोन. सात जणांनी दोषी म्हटलं आणि सहा वर्षांची काळ्या पाण्याची शिक्षा झाली. ज्यूरीने काहीही म्हटलं तरी मी निर्दोष आहे, हे टिळकांचं उत्तर आज त्या इमारतीत दगडावर कोरलेलं आहे. मला मात्र नेहमी कुतूहल वाटतं ते उरलेल्या दोघांचं. १९०८ ची मुंबई, समोर गोऱ्यांचं राज्य, शेजारी बसलेले सात जण एका बाजूला. त्या दोघांच्या मनात त्या रात्री काय चाललं असेल, याची कुठे नोंद नाही.

दुसरा खटला नौदल अधिकारी नानावटींचा, खुनाचा, १९५९. तिथे उलट झालं. नऊपैकी आठ जणांनी निर्दोष म्हटलं, एकट्याने दोषी. बाहेर वर्तमानपत्रं, गर्दी, सगळी सहानुभूती आरोपीच्या बाजूने. त्या नवव्या माणसाने तरी हात वर केला. सेशन्स जज्जांना ज्यूरीचा निकाल पटला नाही, त्यांनी प्रकरण हायकोर्टाकडे पाठवलं. १९६० मध्ये हायकोर्टाने जन्मठेप दिली आणि १९६१ मध्ये सुप्रीम कोर्टाने ती कायम केली. म्हणजे आठांच्या विरुद्ध गेलेला तो एकटा कायद्याच्या नजरेत बरोबर ठरला. (पुढे १९६४ मध्ये नानावटींना माफी मिळाली, तो भाग वेगळा.)

नानावटींमुळे ज्यूरी बंद झाली असं सर्रास सांगतात. गोष्ट तेवढी सरळ नाही. कायदा आयोगाने १९५८ च्या अहवालातच ज्यूरी नको म्हटलं होतं. १९७३ ची फौजदारी प्रक्रिया संहिता १ एप्रिल १९७४ पासून लागू झाली आणि तिच्यात ज्यूरी राहिलीच नाही. पारशी लोकांच्या घटस्फोटाच्या कोर्टात मात्र पाच प्रतिनिधी अजून बसतात.

---

खाजणातला

शिरस्तेदारकाका, अवांतर होईल पण राहवत नाही. रत्नागिरीत जन्मलेला माणूस मंडालेच्या तुरुंगात आणि मंडालेच्या गादीवरचा थिबा राजा रत्नागिरीत नजरकैदेत! इंग्रजांनी केलेली ही अदलाबदल लहानपणी थिबा पॅलेस बघताना मास्तरांनी सांगितली होती. थिबावर तर खटलाही चालला नाही. १८८५ ला उचललं ते १९१६ ला इथेच मेला. ना ज्यूरी, ना शंका, ना एक विरुद्ध मत.

---

काळा_कोट

रत्नागिरीत वकिली करतो, बहुतेक फौजदारी.

सुरंगीताई, तुमचा राग रास्त आहे. पण भावाच्या खटल्यात चुकलं असेल तर ते कदाचित तपासात चुकलं, शंका घेणाऱ्यात नाही. आपल्याकडे अनोळखी आरोपी असला की ओळख परेड लागते. ती तहसीलदारांसारखे कार्यकारी दंडाधिकारी घेतात, आरोपीसारख्या दिसणाऱ्या इतर माणसांत त्याला उभं करून. ती लवकर झाली नाही, किंवा आरोपीचा चेहरा आधीच सगळ्या गावाने पाहिला असला, की पुरावा ढिला पडतो. मग कोर्टात कितीही बोट दाखवा. संशय कितीही दाट असला तरी तो पुराव्याच्या जागी बसत नाही, हे सुप्रीम कोर्टाने वारंवार सांगितलंय. महाराष्ट्रातल्याच शरद सारडा खटल्यात १९८४ साली परिस्थितीजन्य पुराव्याची साखळी कशी अखंड हवी ते सविस्तर मांडलंय.

आता वेंगुर्ल्याचो, तुमच्याबद्दल. चष्म्याची गोष्ट मला खटकली. जो प्रश्न कुणी विचारलाच नाही, त्याचं उत्तर मनाशी धरून मत द्यायचं नसतं. मी त्या बाजूचा वकील असतो तर मला तो अन्याय वाटला असता. तुमचं मत त्या चष्म्यावर उभं होतं का?

आणखी एक. आपला न्यायाधीश कारणं लिहून निकाल देतो. पानंच्या पानं असतात, त्यावर वरच्या कोर्टात भांडता येतं. ज्यूरी कारण देत नाही. म्हणून तिथे ज्यूररने स्वतःपुरतं तरी निकालपत्र लिहायला हवं, निदान मनात.

---

वेंगुर्ल्याचो

काळा_कोट, हेच मला अजून सोडत नाही. चष्मा मी खोलीत एकदाही उच्चारला नाही, कारण तो पुरावा नव्हता हे मला कळत होतं. मी बोललो ते वेळ, उजेड, टोपडं, फोटो दाखवायला झालेला उशीर याबद्दल. पण ते पुसणं डोळ्यांसमोरून जात नव्हतं. तेव्हा मी स्वतःला विचारलं: त्यांनी चष्मा पुसलाच नसता, तर माझं मत बदललं असतं का? रात्रभर विचार करून उत्तर आलं, नाही. तरी मनाने दिलेल्या या साक्षीवर किती विश्वास ठेवायचा?

---

सुरंगी

काळा_कोट, तपास ढिला होता हे मान्य. भाऊही तेच म्हणतो. पण तपासाची शिक्षा नेहमी ज्याचं नुकसान झालं त्यालाच का?

---

हर्णै_बंदर

माझा अनुभव ज्यूरीचा नाही, पंचाचा आहे.

बंदरावर एका होडीवरून जाळी आणि इंजिनाचे भाग चोरीला गेले. मी तिथेच चहाच्या टपरीवर होतो, पोलिसांनी पंच म्हणून बोलावलं. म्हणाले, आरोपीने लपवलेला माल काढून देतोय, सोबत चला. गेलो तर माल आधीच बाहेर काढून वाळूत मांडलेला. पंचनाम्यात लिहिलेलं, "आरोपीने आमच्यासमक्ष जागा दाखवून माल काढून दिला." मी म्हटलं, काढताना मी पाहिलं नाही, मी आलो तेव्हा माल बाहेरच होता. हवालदार म्हणाले, "अहो, माल याच्याच खोपटातला आहे, तुम्हाला काय फरक पडतो?"

गोम तिथेच होती. माल त्याच्याच खोपटातला असावा, हे मलाही वाटत होतं. चोर तोच, हे सगळ्या बंदराला माहीत होतं. सही केली असती तर बहुधा खऱ्या चोरालाच शिक्षा झाली असती. पण कागदावरचं वाक्य खरं नव्हतं. सही केली नाही. होडीवाला माझा चुलत चुलता लागतो, तो आजही आमच्या शिमग्याला अंगणात येत नाही.

मला आपण केलं ते योग्य वाटतं. पण त्याने पोटात शांत वाटतं असं कुणी म्हणालं, तर ते खरं नाही.

---

गजालवाडी

हर्णैवाल्यानू, तुमका एक सुरमई माझ्याकडसून.

---

आरवलीकर

इतकी चर्चा चाललीय तर आमच्या बाजूचंही ऐका. आमच्याकडे असा पेच पडला की देवाला कौल लावतात. गुरव मूर्तीला कळे लावतो, गाऱ्हाणं घालतो, उजवा पडला तर होय, डावा पडला तर नाही. वाडवडिलांपासून कितीतरी तंटे असे मिटलेत. माणसाला जिथे कळत नाही तिथे देवावर सोडलं तर दोन्ही बाजू मानतात आणि कुणाच्या मनावर ओझं राहत नाही. वेंगुर्ल्याचो, तुम्ही त्या दिवसांत देवाचं नाव घेतलं होतंत का?

---

काळा_कोट

आरवलीकर, देवाबद्दल पूर्ण आदर ठेवून. कौलावर कुणाला तुरुंगात धाडता येत नाही, आणि येऊही नये. पेरणी कधी, पालखी कोणत्या वाटेने, जत्रा कधी, याला ठीक. पण "याने चोरी केली का" हा प्रश्न देवापुढे ठेवला, की ज्याच्यावर आळ आहे त्याला उलटतपासणी कुणाची घ्यायची?

---

आरवलीकर

तुरुंगात धाडा असं मी कुठे म्हणालो? ओझ्याबद्दल म्हणालो. कौल मिळाल्यावर माणूस झोपतो. बाराव्या ज्यूररला झोप कुठून मिळणार, एवढंच विचारतोय.

---

वेंगुर्ल्याचो

घेतलं होतं देवाचं नाव. रात्री घरी आलो की पत्नीलाही काही सांगायचं नाही, असा न्यायाधीशांचा हुकूम होता. मग उरतं कोण? वेतोबासमोर उभा आहे असं मनात आणून गाऱ्हाणंच घातलं. पण मागितलं ते उत्तर नव्हतं. उद्या सकाळी खोलीत शिरताना समोरच्याचं नीट ऐकायची बुद्धी दे, एवढंच मागितलं. कौल मिळाला असता तर तो घेऊन मी त्या शिक्षिकाबाईंना काय सांगणार होतो?

---

टेम्सकाठी

मी मूळची मालवणची, बरीच वर्षं इंग्लंडमध्ये. मलाही एकदा ज्यूरीवर बसायला लागलं. आमच्याकडे खोलीत कोण काय बोललं, कोणी कसं मत दिलं, हे निकालानंतर उघड करणंसुद्धा गुन्हा आहे. त्यामुळे मी कोणत्या बाजूला होते ते इथे लिहिणार नाही, घरीही कधी सांगितलेलं नाही.

पण एक फरक सांगण्यासारखा आहे. इथे १९६७ पासून बहुमताचा निकाल चालतो. आधी एकमताचाच प्रयत्न करायचा, पण किमान दोन तास उलटूनही जमलं नाही तर न्यायाधीश दहा विरुद्ध दोन मान्य करू शकतात. म्हणजे एकटा माणूस निकाल अडवू शकत नाही. वेंगुर्ल्याचो, तुमच्यासारखं ओझं इथे एकट्यावर येत नाही. पण नियम वाचताना मला पहिल्यापासून एक भीती वाटत आलीय. ज्याच्याविना काम भागतं, त्याचं बोलणं ऐकून घ्यायला बाकीचे का थांबतील? तुमच्या खोलीत ध्वनिमुद्रण परत मागवलं गेलं, ते तुमच्या मताशिवाय निकाल लागत नव्हता म्हणूनच ना?

---

वेंगुर्ल्याचो

अगदी बरोबर. अमेरिकेतही लुइझियाना आणि ओरेगन या दोन राज्यांत दहा विरुद्ध दोनवर गंभीर गुन्ह्यांत शिक्षा व्हायची. २०२० साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने एकमत सक्तीचं केलं. आधी मला तो तांत्रिक मुद्दा वाटायचा.

---

खाजणातला

खटल्याचं पुढे काय झालं? तो सुटला का?

---

वेंगुर्ल्याचो

ज्यूरीचं एकमत झालं नाही म्हणजे आरोपी सुटत नाही. सरकारी पक्ष नव्या ज्यूरीपुढे खटला पुन्हा चालवू शकतो, तडजोड करू शकतो किंवा सोडून देऊ शकतो. पुढे काय झालं ते मी शोधलेलं नाही. दुसऱ्या बारा जणांनी दोषी म्हटलं असेल तर मी चुकलो, आणि निर्दोष म्हटलं असेल तर मी बरोबर, असं माझं मन लगेच हिशेब मांडेल. तो हिशेब मला नको. त्यांच्यापुढे कदाचित वेगळा पुरावा आला असेल. मी मत दिलं ते माझ्यापुढे आलेल्या पुराव्यावर.

---

शिरस्तेदार

चर्चा कौल, पंचनामा, विलायत फिरून आली. मूळ प्रश्न होता शंका आणि हट्ट यांत फरक कसा करायचा. मी काही न्यायाधीश नाही, पण जज्जांच्या समोर खाली बसून आयुष्य गेलंय. एका जज्जसाहेबांची सवय सांगतो, नाव घेत नाही. निकाल लिहायला घेण्याआधी ते कागदावर आपल्या मताच्या विरुद्ध बाजू लिहून काढायचे, त्या बाजूच्या वकिलाने मांडली असती त्याहून चांगली. ती लिहून झाल्यावरही मत टिकलं तर निकाल सांगायचे. कधी कधी टिकायचं नाही. मग निकालाची तारीख पुढे जायची आणि पक्षकार आमच्या नावाने बोटं मोडायचे.

वेंगुर्ल्याचो, तुम्ही हे केलंत का? त्या अकरा जणांचं म्हणणं तुम्हाला त्यांच्याहून चांगलं मांडता आलं असतं?

---

वेंगुर्ल्याचो

काका, आत्ताही मांडू शकतो. प्रामाणिक साक्षीदार, आरोपीशी काही वैर नाही, दोनदा न अडखळता ओळखलं, जाकीट जुळतं, आणि आरोपी त्या रात्री कुठे होता हे सांगणारं कुणी पुढे आलं नाही. (आरोपीवर काही सिद्ध करायची जबाबदारी नसते, तरी खोलीत हे सगळ्यांच्या मनात होतं.) शिक्षिकाबाईंना मी हेच सगळं बोलून दाखवलं होतं. त्या म्हणाल्या, "मग अडतंय कुठे?" मी म्हटलं, हे सगळं खरं असूनही माणूस दुसराच असू शकतो, आणि तसं नाही असं सांगणारी एकही गोष्ट या टेबलावर नाही.

---

सुरंगी

हे उत्तर वाचलं. भावालाही वाचून दाखवलं. तो म्हणाला, "आमच्या केसमध्ये निदान एवढा विचार कुणी केला असता तर सुटलेल्यांचा इतका राग आला नसता." माझं मत अजून तुमच्याशी जुळत नाही. मला त्या म्हाताऱ्या माणसाचंच जास्त वाईट वाटतं. पण तुमच्यावरचा राग गेला.

---

कुडाळकर_नवीन

पहिल्यांदाच लिहितोय, चुकभूल द्यावी घ्यावी. हा धागा वाचून झोप उडाली आहे.

आमच्याकडच्या देवळातली फंडपेटी फोडली गेली. पहाटे दूध घालायला जाताना मी एकाला गडग्यावरून उडी मारून पळताना पाहिलं. पाठमोरा होता. पोलिसांनी शेजारच्या वाडीतल्या एका मुलाला पकडलं. तेव्हा मी म्हटलं होतं, "तोच असावा." जबाबात काय लिहिलंय ते मला माहीत नाही. आता कोर्टाचं समन्स आलंय. सगळा गाव म्हणतो, देवाचं काम आहे, ठामपणे सांग. खरं सांगायचं तर मी चेहरा पाहिला नाही. काय करावं?

---

काळा_कोट

पोलिसांपुढच्या जबाबावर साक्षीदाराची सही नसते. कोर्टात शपथेवर सांगाल तो पुरावा. सुनावणीआधी सरकारी वकिलांना भेटा, तुमचा जबाब काय लिहिलाय ते समजून घ्या आणि जेवढं दिसलं तेवढंच सांगणार असल्याचं त्यांना आधीच स्पष्ट करा. ते कदाचित नाराज होतील. कोर्टात तुम्हाला फितूर जाहीर करून उलट प्रश्नही विचारतील. घाबरू नका. फितूर ठरवलं म्हणून तुमची सगळी साक्ष फुकट जात नाही, जेवढी विश्वासार्ह वाटेल तेवढी कोर्ट घेऊ शकतं. आणि कुणी विचारलंच नाही तरी उजेड किती होता ते सांगायला विसरू नका.

---

गजालवाडी

झिला, गाव चार दिवस बोलतला. त्या पोराक वर्सां काढूक लागतीत. जा आणि खरा काय ता सांग.

---

वेंगुर्ल्याचो

कुडाळकर, मी पुढच्या आठवड्यापर्यंत वेंगुर्ल्यात आहे. सोबत कुणी हवं असेल तर कळवा, मी येतो.

---

कुडाळकर_नवीन

सगळ्यांचे आभार. सोमवारी सरकारी वकिलांना भेटतो. पाठमोरा होता, अंगात निळा शर्ट होता, देवळासमोरचा दिवा बंद होता आणि डाव्या पायाने जरा लंगडत होता, एवढं मी पाहिलं. त्या मुलाला लंगडताना मी कधी पाहिलेलं नाही, हे आत्ता लिहिताना लक्षात आलं. तेही सांगतो. दादा, आलात तर बरं होईल.